गेम काढा, खेळलेले ठेवा

दसरा उलटला की सोलापुरातल्या घराघरांत आवराआवरीला जोर चढतो. माळ्यावरची पिंपे खाली येतात, चादरींच्या घड्या गच्चीवर उन्हात पडतात, जुन्या वह्यांची रद्दी बांधली जाते आणि ‘हे अजून कशाला ठेवलंय?’ या एका प्रश्नावरून दिवसभर वादावादी चालते. या धामधुमीत एक वस्तू मात्र कोणाच्या नजरेत येत नाही. ती म्हणजे घरातला संगणक. वरून फडका मारला, की-बोर्ड उलटा करून चिवड्याचे कण झटकले, की त्याची दिवाळी झाली! त्याच्या पोटात काय काय साठले आहे, हे पाहण्याची वेळ येते ती ‘जागा संपली’ असा लाल पट्टा पडद्यावर दिसू लागल्यावर. नाहीतर घरातले पोर दहावी-बारावीला गेल्यावर. मग मात्र एकदम कडक हुकूम सुटतो, ‘ते सगळे गेम आधी काढून टाका!’

गेली पंचवीसेक वर्षे या शहरात संगणक शिकवण्याचे काम करत असल्यामुळे हा हुकूम बजावायला मला कितीतरी घरांतून बोलावणे आले आहे. जुळे सोलापुरातला नवा फ्लॅट असो, की पूर्वभागात खाली माग आणि वर बिऱ्हाड असलेले घर असो, दृश्य साधारण सारखेच असते. वडील खुर्चीमागे हाताची घडी घालून उभे. आई स्वयंपाकघराच्या दारात. मुलगा भिंतीला टेकून, तोंड पाडून. वडिलांना संगणकात जागा हवी असते, आईला मुलाचा अभ्यास हवा असतो. मुलाला काय हवे आहे, हे विचारण्याची त्या घडीला कोणाला गरज वाटत नाही. तो मात्र योग्य क्षण साधून हळूच विचारतो, ‘काका, माझं सेव्ह केलेलं पण जाईल का हो?’

थोरामोठ्यांना हा प्रश्न पोरकट वाटतो. मला तो अगदी नेमका वाटत आला आहे. संगणकातून गेम काढण्याच्या कामात खरोखर विचारण्याजोगा प्रश्न तेवढा एकच आहे.

माग आणि पत्ते

गेम वेगळा आणि ‘सेव्ह’ वेगळे, ही गोष्ट सोलापूरकरांना समजवायला लांब जायला नको. आपल्या चादरीचेच पाहा. चादरीवरचा मोर मागात नसतो आणि सुतातही नसतो. तो असतो जकार्डवर चढवलेल्या, भोके पाडलेल्या पुठ्ठ्यांच्या पत्त्यांच्या माळेत. एकेका पत्त्यावरची भोके ठरवतात की या फेरीला ताण्यातले कोणते धागे उचलायचे आणि कोणते खाली ठेवायचे. माग भंगारात गेला तरी पत्ते शाबूत असतील, तर तसल्याच दुसऱ्या मागावर तोच मोर पुन्हा उतरतो. पत्ते मात्र गहाळ झाले, तर नक्षी पुन्हा आलेखाच्या कागदावर काढा, पुन्हा भोके पाडा! जोसेफ जकार्ड या फ्रेंच माणसाने ही युक्ती १८०४ च्या सुमारास सिद्ध केली. पुढे इंग्लंडमध्ये चार्ल्स बॅबेजने आपल्या गणकयंत्रासाठी हीच पत्त्यांची कल्पना घेतली आणि विसाव्या शतकात तर बराच काळ संगणकांना माहिती भरवली जात होती ती भोके पाडलेल्या पत्त्यांवरूनच. म्हणजे आपल्या पोरांचा संगणक हा सोलापुरी चादरीचा दूरचा आप्तच म्हणायचा.

गेम हा माग आहे. तो बाजारात पुन्हा मिळतो, इंटरनेटवरून पुन्हा उतरवता येतो. सेव्ह फाइल म्हणजे ते पत्ते. कोणत्या टप्प्यापर्यंत आलो, काय मिळवले, काय गमावले, कोणती धावसंख्या झाली, याची ती नोंद. ती जगात कुठल्याही दुकानात विकत मिळत नाही, कारण ती तुमच्या मुलाने आपल्या हातांनी केलेली असते.

गंमत अशी, की खेळ जिथे थांबवला तिथूनच पुढे सुरू करण्याची ही सोय आरंभी बहुतेक खेळांत नव्हतीच. १९८५ चा ‘सुपर मारिओ’ आठवा. नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचे जे डबे आपल्याकडे आले, त्यांच्या कॅसेटमधून तो घराघरांत शिरला. सबंध खेळ अवघा ४० किलोबाइटचा. मोबाइलवर सकाळी सकाळी येणाऱ्या एखाद्या ‘शुभ प्रभात’च्या चित्रापेक्षाही लहान! पण त्यात मिळवलेले साठवायला जागाच नव्हती. वीज गेली की मारिओ पुन्हा पहिल्या पायरीवर. ‘लेजंड ऑफ झेल्डा’ हा खेळ १९८७ मध्ये अमेरिकेत आला, तेव्हा त्याच्या कॅसेटमध्ये नाण्याएवढी एक बॅटरी बसवलेली होती. डबा बंद असतानाही ती आतल्या नोंदी जाग्या ठेवायची. पुढे १९९४ मध्ये जपानात प्लेस्टेशन निघाले. त्याच्यासाठी १२८ किलोबाइटचे मेमरी कार्ड असे, ते खिशात घालून मित्राच्या घरी नेता येई.

महाराष्ट्रात २००१ मध्ये एमएस-सीआयटी सुरू झाले आणि मुलांना ‘कोर्ससाठी’ म्हणून संगणक घेऊन देण्याची लाट आली. कोर्स तीन महिन्यांत संपला. संगणक घरातच राहिला आणि त्यावर गेम आले. तेव्हापासून गेमचे आकारमान कसे वाढत गेले पाहा. २००३ मध्ये संगणकावर आलेला ‘व्हाइस सिटी’ एक गिगाबाइटच्या आसपास होता. (तो प्रौढांसाठीचा खेळ आहे, हे तेव्हा कितीजणांनी वेष्टनावर वाचले कोण जाणे!) २०१५ चा ‘जीटीए पाच’ सात डीव्हीडींवर आला. ‘रेड डेड रिडेम्प्शन दोन’ला १५० गिगाबाइट जागा लागते. म्हणजे गेम हत्तीएवढे झाले. सेव्ह फाइल मात्र बहुतेक वेळा मुंगीएवढीच राहिली. ‘व्हाइस सिटी’मधली एक नोंद २०० किलोबाइटच्या आसपास असते आणि आजच्या खेळांतही नोंदी सहसा काही किलोबाइट ते काही मेगाबाइट एवढ्याच असतात.

या हिशेबातच सगळे उत्तर आहे. जागा अडवतो तो गेम; नोंद जवळपास काहीच अडवत नाही. हत्ती बाहेर काढण्यासाठी मुंगीला चिरडण्याचे काही कारण नाही.

‘सी’मधले की ‘डी’मधले?

मग नोंदी जातात कशा? याचे मूळ आपल्या एका जुन्या सवयीत आहे. संगणक जोडून देणाऱ्यांनी आपल्याला शिकवले, की ‘सी’मध्ये विंडोज, ‘डी’मध्ये गेम आणि ‘ई’मध्ये गाणी. संगणक मंदावला की ‘सी’ फॉरमॅट मारायचा. ‘डी’ला हात लावायचा नाही. त्यामुळे गेम ‘डी’त आहे म्हणजे सगळे सुरक्षित, अशी घरोघरी समजूत. प्रत्यक्षात ‘व्हाइस सिटी’ तुम्ही ‘डी’त टाकला असला, तरी त्याच्या नोंदी जातात ‘डॉक्युमेंट्स’ या खणात. ‘क्रिकेट ०७’चेही तसेच. आणि ‘डॉक्युमेंट्स’ मुद्दाम हलवले नसेल तर असते ‘सी’मध्ये! म्हणजे गेम वाचतो आणि सेव्ह जाते.

याच्या अगदी उलट तऱ्हा १९९९ च्या ‘एज ऑफ एम्पायर्स दोन’ची. मूळ खेळ आपल्या नोंदी आपल्याच फोल्डरात, ‘सेव्हगेम’ नावाच्या कप्प्यात ठेवायचा. तिथे गेमचे फोल्डर उडवले, की चार सुट्ट्या खपून उभारलेली साम्राज्ये त्याबरोबर गेली. शिवाय एक तिसरा छुपा कोपरा आहे. २००७ मध्ये आलेल्या व्हिस्टापासून विंडोजने गेमांना ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये मनमानी लिहिण्याची मुभा काढून घेतली. जुने गेम मग तिथे लिहू पाहतात आणि विंडोज त्यांच्या नोंदी गुपचूप ‘ॲपडेटा’मधल्या ‘व्हर्च्युअलस्टोअर’ या कप्प्यात नेऊन ठेवते. हा ‘ॲपडेटा’ एरवी दिसतच नाही. फाइल एक्स्प्लोररच्या ‘व्ह्यू’मध्ये जाऊन लपलेल्या वस्तू दाखवायला सांगावे लागते.

तात्पर्य, नोंदी शोधायच्या त्या ‘डॉक्युमेंट्स’ आणि त्यातले ‘माय गेम्स’, वापरकर्त्याच्या नावाखालचे ‘सेव्ह्ड गेम्स’, लपलेला ‘ॲपडेटा’, गेमचे स्वतःचे फोल्डर, आणि स्टीमवरून घेतलेला गेम असेल तर स्टीमच्या फोल्डरातले ‘युजरडेटा’, इतक्या ठिकाणी. ओळखण्याची एक सोपी युक्ती सांगतो. गेम उघडा, एकदा सेव्ह करा, बंद करा आणि या जागांमध्ये आत्ताच्या तारखेची व वेळेची फाइल कुठे उमटली ते पाहा. चोर आपोआप सापडतो.

एक अपुरा कसोटी सामना

दोनेक वर्षांपूर्वीची गोष्ट. ओळखीच्या एका घरातून फोन आला. २००८ च्या सुमाराचा संगणक होता, तो गरजू मुलाला द्यायचा ठरला होता. ‘सर, सगळं पुसून द्या. पण धाकटा म्हणतोय एक काहीतरी ठेवायचंय, ते तेवढं बघा,’ त्या घरच्या काकू म्हणाल्या. धाकटा पुण्याला नोकरीला होता. मी त्याला फोन लावला. तो थोडा वेळ घोटाळला, मग म्हणाला, ‘सर, त्यात दादाचा क्रिकेटचा सामना आहे.’

थोरला भाऊ २०२१ च्या दुसऱ्या लाटेत गेला. दोघे भाऊ शाळेत असताना उन्हाळ्याच्या सुट्टीत ‘क्रिकेट ०७’ खेळायचे. त्या काळात भारनियमन जोरात. वीज कधी जाईल याचा नेम नाही, म्हणून दर सत्राअखेर सेव्ह करायची थोरल्याची शिस्त! असाच एक कसोटी सामना त्याने चौथ्या दिवशी थांबवला आणि त्या नोंदीला स्वतःचे टोपणनाव दिले. पुढे बारावी आली, महाविद्यालय आले, आणि सामना तसाच राहिला.

त्या संगणकावर हा गेम दोनदा टाकलेला होता. एक ‘सी’मध्ये, एक ‘डी’मध्ये. मूळ सीडीची नक्कल तिसरीकडे. यातले नेमके काय ठेवायचे, हे घरात कोणालाच ठाऊक नव्हते. ‘डॉक्युमेंट्स’मध्ये गेमच्या नावाचे फोल्डर निघाले आणि त्यात ती फाइल होती. मी ते सबंध फोल्डर दोन ठिकाणी उतरवले, माझ्या संगणकावर तो सामना उघडून पाहिला आणि मगच पुढचे सगळे पुसले. दिवाळीला धाकटा घरी आला तेव्हा त्याच्या लॅपटॉपवर तो सामना सुरू करून दिला. धावफलक आला. त्याने तो नुसता पाहिला. काकूंनीही पाहिला, त्यांना क्रिकेटमधले फारसे कळत नाही. ‘पुढे खेळणार?’ मी विचारले. ‘नाही सर,’ तो म्हणाला, ‘हा असाच राहू दे.’

त्या सगळ्याला लागलेली जागा एका फोटोपेक्षा जास्त नसेल.

काढण्याची रीत

आता प्रत्यक्ष कामाचे. गेम काढायचा म्हणजे त्याचे फोल्डर धरून ‘डिलीट’ दाबायचे नव्हे. गेम संगणकात शिरताना विंडोजच्या वहीत ठिकठिकाणी आपली नावे लिहून ठेवतो. फोल्डर नुसते उडवले, तर ती नावे लोंबकळत राहतात. तोच गेम पुन्हा टाकताना ती नडतात. म्हणून काढायचा तो सेटिंग्जमधल्या ‘ॲप्स’च्या यादीतून किंवा जुन्या विंडोजवर कंट्रोल पॅनलमधून, ‘अनइन्स्टॉल’ करून. स्टीमसारख्या दुकानातून घेतलेला असेल तर त्या दुकानातूनच.

पण हा राजमार्गही डोळे मिटून चालण्याचा नाही. डिसेंबर १९९८ मध्ये अमेरिकेतल्या बंजी या कंपनीचा ‘मिथ दोन’ हा खेळ बाजारात जायला निघाला, तेव्हा एक भयंकर गोष्ट ध्यानात आली. नेहमीच्या फोल्डरात न टाकता तो थेट ड्राइव्हच्या मुळाशीच टाकला असेल, तर काढताना तो स्वतःबरोबर त्या ड्राइव्हवरचे सगळेच पुसत असे! कंपनीने तयार झालेल्या प्रती परत मागवल्या. २००१ मध्ये ‘पूल ऑफ रेडियन्स’च्या नव्या खेळाने असेच केले, ठरल्या जागेखेरीज दुसरीकडे टाकलेला हा खेळ काढायला गेले, की विंडोजच्या स्वतःच्या फाइली उडत. अशा चुका विरळा. पण त्यांतून धडा एकच, की काढण्याआधी नक्कल.

तेव्हा क्रम असा ठेवावा. आधी नोंदींचे फोल्डर शोधून त्याची ‘कॉपी’ करावी, ‘कट’ नव्हे. ही नक्कल दोन वेगळ्या ठिकाणी असावी. एक पेनड्राइव्हवर आणि एक दुसऱ्या संगणकावर किंवा ऑनलाइन साठ्यात. आपल्याकडे मे महिन्यात पारा बेचाळीस-त्रेचाळीसला टेकतो आणि पेनड्राइव्ह टीव्हीच्या मागे धूळ खात पडलेला असतो. त्या एकट्याच्या भरवशावर राहू नये. नक्कल झाल्यावर मूळ फोल्डरातल्या फाइलींची संख्या आणि आकारमान नकलेशी ताडून पाहावे. शक्य असेल तर दुसऱ्या संगणकावर ती उघडूनच पाहावी. त्यासोबत एक छोटी टिपणवही ठेवावी. गेमचे नाव, कितवी आवृत्ती, फोल्डर मुळात कुठे होते, तारीख, आणि मुख्य म्हणजे ही नोंद कोणाची. लोणच्याच्या बरणीवर आपण साल लिहितोच ना, तसेच.

एकच गेम दोन-तीनदा टाकलेला असेल, तर कोणता ठेवायचा? पडद्यावरच्या ज्या चित्रावर मुले टिचकी मारतात, त्यावर उजवी टिचकी देऊन ‘फाइल कुठे आहे ते उघडा’ म्हणावे. जिथे नेईल तो वापरातला, दुसरा काढायचा. मात्र एक ध्यानात ठेवा. दोन्ही प्रतींच्या नोंदी पुष्कळदा एकाच ‘डॉक्युमेंट्स’ खणात असतात. त्यामुळे जादा प्रत काढताना मधेच ‘जुन्या नोंदी आणि सेटिंग्जही काढू का?’ असा प्रश्न पडद्यावर आला, तर सवयीने ‘होय’ दाबू नये. ‘नाही’ म्हणावे. जादा प्रत निघाली की उरलेली सुरू करून पाहावी, जुना टप्पा दिसतो का हे तपासावे, आणि मगच पुढे जावे.

गेम निघून गेल्यावरही मागे रिकामटेकडी फोल्डरे राहतात. ती तत्काळ पुसू नयेत. नावापुढे ‘जुने’ असे लिहून आठ दिवस ठेवावीत. आठ दिवसांत कोणाची ओरड झाली नाही, तर कचरापेटीत टाकावीत. ती पेटीही लगेच रिकामी करू नये. बऱ्याचदा सर्वात मोठी जागा गेमने नव्हे, तर ‘डाउनलोड्स’मध्ये पडून असलेल्या त्याच्या सेटअप फाइलींनी अडवलेली असते. त्या आधी पाहाव्यात. गेम पुन्हा मिळण्यासारखा असेल, तर त्या बेलाशक जाऊ द्याव्यात. दुर्मिळ जुना खेळ असेल, तर मात्र ठेवाव्यात. कारण माग कुठेच उरला नाही, तर पत्ते असून उपयोग काय?

आणि ज्याला हात लावायचा नाही, तेही सांगतो. यादीत ‘डायरेक्टएक्स’, ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस’ अशी एकसारखी आठ-दहा नावे दिसतात. ती जादा वाटतात, पण नसतात. वेगवेगळे गेम आणि इतर कामाची सॉफ्टवेअर त्यांच्यावर उभी असतात. तसेच ‘रजिस्ट्री साफ करून देतो’ म्हणणारी फुकटची सॉफ्टवेअर. त्यांच्या वाटेला न गेलेलेच बरे.

स्टीमसारख्या ठिकाणी ‘क्लाउड’वर नोंदी ठेवण्याची सोय २००८ पासून आहे. ती उत्तम, पण सगळ्याच गेमना नसते. शिवाय तो आरसा आहे, तिजोरी नव्हे. इथे बिघडलेली नोंद तिथेही बिघडलेलीच जाऊन बसू शकते. स्टीममध्ये गेमचा ‘बॅकअप’ घेण्याचे जे बटण आहे, त्यानेही फसू नये. ते मागाची नक्कल करते. पत्त्यांची करेलच असे नाही.

टीव्हीला जोडायच्या नव्या यंत्रांचे त्या मानाने बरे. प्लेस्टेशन आणि निन्टेन्डो स्विचवर गेम काढला तरी नोंदी यंत्रात राहतात. त्या पुसण्याची जागा वेगळी असते. पण यंत्रच विकायला काढले, तर नोंदी आधी सोडवून घ्यायला हव्यात.

हातातल्या मोबाइलचे काय?

हल्ली पुष्कळ घरांत संगणक मागे पडला आणि गेम आईच्या मोबाइलमध्ये आले. इथे धोका जास्त. अँड्रॉइड फोनवर गेम काढला, की फोनमधली त्याची नोंद सहसा त्याच्याबरोबर जाते. सेटिंग्जमध्ये दोन बटणे शेजारी शेजारी असतात. एक ‘कॅशे’ साफ करण्याचे आणि दुसरे ‘डेटा’ किंवा ‘स्टोरेज’ साफ करण्याचे. पहिले म्हणजे ओट्यावरचे सांडलेले पुसणे. ते खुशाल करावे. दुसरे म्हणजे डब्यातले धान्यच ओतून देणे. जागेसाठी गेम काढायचाच असेल, तर आयफोनवर २०१७ पासून ‘ऑफलोड’ आणि अँड्रॉइडवर २०२३ पासून ‘आर्काइव्ह’ अशी सोय आलेली आहे. तीत गेम जातो, नोंदी राहतात.

ज्या गेमची नोंद कंपनीच्या संगणकावर असते, त्याचे दुखणे निराळे. तिथे महत्त्व खात्याला. मुले घाईने ‘पाहुणा’ म्हणून खेळायला लागतात. ते पाहुण्याचे खाते बहुधा त्या फोनपुरतेच असते. गेम काढण्याआधी ते घरच्या ई-मेलला जोडून घ्यावे. २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने पबजी मोबाइलवर बंदी घातली, तेव्हा कितीतरी मुलांची दोन-तीन वर्षांची कमाई एका दिवसात कुलूपबंद झाली. जुलै २०२१ मध्ये त्याच धर्तीचा बीजीएमआय आला आणि जुन्या खात्यातले सामान ठरावीक मुदतीत नव्या घरी आणण्याची सवलत मिळाली. पण आपण कोणत्या खात्याने शिरलो होतो हेच ज्यांना आठवेना, ते बाहेरच राहिले. आणि मोठ्यांनी मुलांना हसू नये! २००९ मध्ये निघालेल्या ‘फार्मव्हिल’मध्ये रात्री गजर लावून टोमॅटो काढणाऱ्या मावश्या आणि बँकेतले काका मी पाहिले आहेत. ३१ डिसेंबर २०२० रोजी तो खेळ बंद झाला आणि सगळ्यांची शेते एकदमच गेली. त्या शेतांची नक्कल घरी आणून ठेवण्याचा मार्गच नव्हता.

हुकूम आणि करार

फेब्रुवारी-मार्चमध्ये बोर्डाची परीक्षा असते, पोर रात्री एकपर्यंत गेम खेळत बसते आणि आईवडिलांचा जीव टांगणीला लागतो. अशा वेळी गेम काढायला माझी ना नाही. जाहिरातींनी भरलेले, पैसे मागणारे, वयाला न शोभणारे गेम तर काढावेतच. माझे म्हणणे एवढेच, की काढण्याच्या भरात पुसण्याची शिक्षा देऊ नये. माझ्याकडे शिकायला येणाऱ्या एका मुलाच्या सात महिन्यांच्या नोंदी घरच्यांनी रागाच्या भरात पुसल्या. गेम त्याने चार दिवसांत मित्राकडून पुन्हा आणला. अभ्यास वाढला नाही. पण तो गेम कुठे ठेवतो, हे पुढे वर्षभर घरात कोणाला कळले नाही. जे त्याने चिकाटीने उभे केले होते ते गेले आणि ज्याचा त्रास होता तो गेम राहिला. हा उफराटा व्यवहार झाला.

त्यापेक्षा मुलाला शेजारी बसवावे. कोणत्या नोंदी ठेवायच्या हे त्यालाच ठरवू द्यावे, नक्कल त्याच्याच हाताने करवून घ्यावी आणि पेनड्राइव्ह आईच्या कपाटात ठेवावा. शेवटचा पेपर झाला, की परत. एक-दोन घरांत मी हा करार जमवून दिला आहे. गेम आपल्यावर सूड म्हणून जात नाही, तो परत येणार आहे, एवढी खात्री मिळाली की मुले निम्मा विरोध सोडतात. शिवाय फाइल म्हणजे काय, ती कुठे राहते, नक्कल कशी जपायची, हे जाता जाता शिकतात. पुढे प्रबंध, हिशेब, घरचे फोटो सांभाळताना त्यांना तेच उपयोगी पडणार आहे.

मोठ्यांनी जपून ठेवलेल्या खोक्याचे मोल कधीकधी फार उशिरा कळते. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ हा खेळ जॉर्डन मेकनर या तरुणाने १९८९ मध्ये ॲपल संगणकासाठी लिहिला. मूळ लिखाणाच्या फ्लॉपी पुढे त्याला सापडेनात. २०१२ मध्ये त्याच्या वडिलांनी न्यूयॉर्कच्या घरात आवराआवर काढली आणि कपाटाच्या तळाशी मुलाचे एक खोके निघाले. ते त्यांनी रद्दीत घातले नाही. मुलाकडे पाठवून दिले. त्यात त्या फ्लॉपी होत्या. जाणकारांनी त्या वाचून काढल्या आणि ते लिखाण आज कोणालाही पाहता येते. खेळाचे संगीतही या वडिलांनीच दिलेले होते. मुलगा काय करतो आहे, हे त्यांना पहिल्यापासून ठाऊक होते.

आपल्याला ते बहुधा ठाऊक नसते. तेव्हा या दिवाळीत संगणक आवरायला बसाल, तर ‘डिलीट’वर बोट जाण्याआधी मुलाला एवढेच विचारा, ‘तू कुठपर्यंत पोचला होतास रे? दाखव बघू.’ तो दाखवील. दहा मिनिटे जातील. मग दोघे मिळून गेम काढा.